बिनपत्तीची सनई

३ मार्च

परत तेच. फोन उचलला की बाबा फिरून फिरून तिथंच येणार. "तू सूर टाकून पळालास म्हणून पोरीच्या तोंडाला सनई लावावी लागली." लावावी लागली म्हणे. मी पळालो त्या दिवशी पायतान कोणी फेकून मारलं होतं, ते कोणी काढत नाही.

मी पण बोललो मग. आमच्या घरची सनई दोन माणसांची. एक जण वाजवतो, दुसरा मागं उभा राहून एकच सूर धरतो. तोडायचा नाही. गाल फुगवलेले ठेवायचे, नाकानं श्वास ओढायचा, तोंडानं फुंकत राहायचं. वाजवणाऱ्याचं नाव होतं, सूरवाल्याचे गाल दुखतात. बाबा वाजवायचे, सूर माझ्याकडं. सातवीत शाळा सुटली, नंतर सूर पण सुटला. हैदराबादला बेकरी, मग चाकण, आता इथं मोरबीला फरशीच्या कारखान्यात पॅकिंगला. माय म्हणते तुझ्या पायाला भिंगरी हाय. असंल. पण माझ्या जागी लहान बहिणीला, सोनीला उभी करा असं मी सांगितलं होतं का?

एवढं बोललो तर बाबांना खोकला लागला. फोन मायकडं गेला. माय म्हणाली, "जेवलास का?"

६ मार्च

खोटं कशाला लिहू. सोनीला ते श्वासाचं मीच दाखवलं होतं. लहान होती. लोट्यात पाणी, पाण्यात पपईच्या पानाचा पोकळ देठ, अन् फुंकत राहायचं. ज्याचे बुडबुडे थांबले तो हरला. खेळ म्हणून. तिचे थांबायचेच नाहीत. माय ओरडायची, "लोटा ठेवा रे, बाहेर माणूस पाण्यासाठी थांबलाय."

मागल्या यात्रेची गोष्ट डोक्यातून जात नाही. घरातल्या चौघांना अन् हलगी वाजवणाऱ्या लक्ष्मणकाकाला माहीत, बाकी कोणाला नाही. बाबांची छाती गेली. नांदेडच्या दवाखान्यात सांगितलं, फुंकायचं बंद. पण गावच्या देवीची पालखी वाघमाऱ्याच्या सनईशिवाय उठत नाही, आजोबाच्या आधीपासून. आम्ही खाली उभे, पायरीच्या खाली. पालखी वर. मग बाबांनी काय केलं, सनईची ताडाच्या पानाची पत्ती काढून टाकली. पत्ती नसली की सनई म्हणजे नुसती नळी, चुकून फुंक गेली तरी आवाज नाही. ती तोंडाला लावून बोटं हलवत उभे राहिले. मागं सोनी, नाकापर्यंत ओढणी. सगळ्यांना वाटलं पोरगी सूर धरून राहिली. वाजवलं सगळं तिनं. सूर कोणीच धरला नव्हता, ते पण कोणाला कळलं नाही.

यात्रा कमिटीच्या अध्यक्षानं बाबांना टॉवेल-टोपी केली. त्याचं नाव लिहायला भीती वाटते, गो. लिहितो. जन्मभर "मारोत्या" म्हणणारा माणूस त्या दिवशी "मारोती" म्हणाला. "मारोती, अजून दम हाय तुझ्यात."

माय हे फोनवर सांगून हसली. मी पण हसलो. नंतर विचार आला. देवीपुढं पोरीनं वाजवलं, ते बी गावाबाहेरच्या आपल्या वाड्यातल्या पोरीनं, आणि गावाला फसवून. कळलं तर?

१४ मार्च

सोनीचा फोन. आवाज फाटलेला. मला वाटलं बाबा गेले.

ते नाही. तिच्या कॉलेजातल्या सोनकांबळे मॅडम. मराठी शिकवतात, संगीताचं त्यांना काही कळत नाही, त्या स्वतःच म्हणतात. त्यांनी सोनीचं वाजवणं फोनमध्ये भरून लातूरला एका गुरुजींना पाठवलं होतं. म्हातारे हायत, सनईच शिकवतात, निवडक लेकरं घरी ठेवून घेतात. त्यांच्याकडचे शिकून मोठ्या मंचावर बसतात. त्यांनी बोलवलंय. समोर ऐकणार. १२ एप्रिल.

मी म्हणालो लई भारी. ती म्हणाली, "भैया, तिथं बसून वाजवावं लागतं. बसल्यावर श्वास कुठून घ्यायचा?"

आमच्यात कोणी बसून वाजवलेलं नाही. आम्हाला बसायला कोणी सांगितलेलंच नाही.

दिवसभर फरश्या उचलताना तेच. लातूर, परकी माणसं, एकटी पोरगी. काय खाईल, कोण काय बोलेल. आनंद व्हायला पाहिजे. भीतीच वाटून राहिली.

१९ मार्च

घात झाला.

आज गो. घरी आला. यात्रेची सुपारी घेऊन. सुपारी म्हणजे आमच्यात वाजवायचं ठरलं. बाबा आत पडलेले, माय शेतात. सोनी ओट्यावर तांदूळ निवडत होती. तो म्हणाला, "घे गं, बापाला दे." हिनं दोन्ही हात पुढं केले, घेतली, कपाळाला लावली. मोठ्या माणसानं दिलं तर घेतात तशी. तो गेला.

बाबा बाहेर आले. पहिलं विचारलं, "कोणाच्या हातात दिली?"

आमच्यात जुनी रीत हाय. ज्याच्या हातात सुपारी पडली त्यानं वाजवायचं. आजारी असो, घरात मयत असो. अन् घेतलेली सुपारी परत जात नाही. चुलत आजोबा पोटच्या लेकराला माती देऊन लग्नात उभे राहिले होते, हे बाबा दरवेळी सांगतात.

मी म्हणालो त्यात काय, मागल्या साली वाजवलं तसं वाजवू दे. सोनीनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "यात्रा बारा एप्रिललाच हाय भैया."

२० मार्च

रात्रपाळी होती. झोप नाही.

बाबा एकटे उभे राहिले तर आवाज नाही. सोनी थांबली तर लातूर गेलं. नाही म्हणावं तर किशनमामाचं आठवतं. त्यांनी पोळ्याला बैलापुढं हलगी वाजवायला नाही म्हटलं होतं. पोरगं शिकलेलं, ते म्हणालं कामून वाजवायची. कोणी मारलं नाही, शिवी दिली नाही. नुसतं मामी गिरणीवर गेली की लाईट नाही. दुकानात गेली की साखर संपली. शेतावर गेली की माणसं पुरी झाली. पाऊसकाळ संपायच्या आत त्यांनी घराला कुलूप लावलं अन् पुण्याला गेले. कुलूप अजून हाय. गंजलंय.

२३ मार्च

बाबांशी कडाक्याचं भांडण. मी म्हणालो सुपारी परत करा. ते म्हणाले, "माझ्या हयातीत परत गेली न्हाई." मी म्हणालो तुमच्या हातात दिलीच नव्हती. ते म्हणाले, "तेच तर. माझ्या हातात असती तर मीच मेलो असतो, इषय मिटला असता."

सोनीनं फोन घेतला. "राहू दे भैया. पुढल्या वर्षी बोलवतील."

कोणी बोलवत नाही पुढल्या वर्षी. मला माहीत हाय. चाकणला पण म्हणाले होते, दिवाळीनंतर या.

मुकादमाला सुट्टी मागितली. "जा, पण मग येऊ नको." अन् गेलो तरी काय करू? मला फक्त सूर धरता येतो. नुसत्या सुरावर पालखी उठत असती तर.

२४ मार्च

मुन्ना, माझ्या खोलीतला, बिहारचा. कपडे धुताना एक छोटा स्पीकर लावतो. तळहाताएवढा, पण गल्ली हादरते. आज ऐकता ऐकता डोक्यात आलं.

सोनीनं आधीच वाजवून फोनमध्ये भरायचं. स्पीकर लक्ष्मणकाकाच्या थैलीत. काका हलगीला बाबांच्या शेजारीच उभा असतो. बाबा बिनपत्तीची सनई तोंडाला लावतील, बोटं हलवतील. मागल्या वर्षी सोनी होती, या वर्षी डबा.

सोनीला सांगितलं. तिनं परत पहिल्यापासून सांगायला लावलं. मग म्हणाली, "अन् सूर?"
"तो पण भर."
"एका वेळी दोन कसं वाजवू?"
"मग राहू दे. मागल्या वर्षी कुठं होता."

२९ मार्च

बिलोलीचा एक जण गावी चालला होता, त्याच्या हातानं स्पीकर पाठवला. पोचला. काकाला लई आवडला, दिवसभर घेऊन फिरला. माय म्हणते, "त्याला सांग, गावभर दाखवून यायचं राहिलंय तेवढं."

बाबा तयार नाहीत. "देवीपुढं डबा वाजवू?" शेवटी माय बोलली. "देवीला समदं कळतं. तिला कुठं फसवायचंय. फसवायचं गावाला हाय."

बाबा काही बोलले नाहीत. म्हणजे हो.

५ एप्रिल

सोनीनं वाजवून भरलं. गावात नाही, नदीकडं जाऊन, उन्हात. मला पाठवलं. जेवणाच्या सुट्टीत गेटवर जाऊन ऐकलं. (फोन गेटवर जमा असतो. फोन बघता बघता एकाचा हात मशीनच्या पट्ट्यात गेला तेव्हापासून.) रखवालदार म्हणाला, शादी है क्या घर में.

काय वाजवते. बाबा पालखीचं वाजवायचे तर वाटायचं चला, उचला, उशीर झाला. ही वाजवते तर वाटतं थांबा, नेऊ नका. मला लिहिता येत नाही ते. मध्ये एक बकरी ओरडली. ती तेवढी राहू दिली तिनं, परत पहिल्यापासून वाजवायचा दम नव्हता म्हणे. बकरीवरून पकडले जाऊ का? काका म्हणाला यात्रेत बकऱ्या लई असतात.

११ एप्रिल

सोनी निघाली. मॅडमबरोबर, नांदेडहून यष्टीनं. रात्री लातूरला मॅडमच्या बहिणीकडं. गावात सांगितलं मावशीकडं गेली. बाबांनी स्वतःची सनई दिली तिला, आजोबाची. अन् पत्त्यांची डबी. स्वतःला चीर गेलेली जुनी ठेवली. "मला कुठं वाजवायचीय."

घरी फोन एकच, तो काकाकडं राहणार, वाजवणं त्यातच हाय. सोनीनं निघताना सगळ्यांना बजावलं, पालखी होईपर्यंत या नंबरवर कोणी फोन करायचा नाही. मला पण. "भैया, अकराच्या आत पालखी देवळात परत येते. त्याच्या आधी करू नको."
"कशाला करीन."

उद्या दिवसपाळी. बरं हाय. हात कामात राहतील.

१२ एप्रिल

काही सुचत नाही. लिहूनच बघतो.

अकरा वाजले, फोन करायला गेटवर गेलो नाही. बारा वाजले, नाही गेलो. एकला जेवणाची सुट्टी. गेटवर गेलो, फोन घेतला. पालखी कधीच झाली असणार म्हणून लावला. दोन रिंग गेल्या अन् कट झाला. परत लावला. कट. परत लावला. उचलला कोणी नाही, पण उचलल्यासारखा उघडा राहिला, अन् लोकांचा आवाज. लई लोक. मग बंद.

पालखी झाली नव्हती.

त्या फोनची रिंग मीच लावून दिली होती. डीजेचं गाणं. मायला कमी ऐकू येतं, माझा, तिच्या बालूचा, फोन आलेला कळावा म्हणून सगळ्यात मोठा आवाज.

तीन वेळा केला मी.

१२ एप्रिल, नंतर

मायचा फोन आला, किशनमामाच्या गावातच राहिलेल्या भावाच्या फोनवरून. जसं सांगितलं तसं लिहितो.

कोणी पुढारी यायचा होता, त्याच्यासाठी पालखी अडवून ठेवली. लोक उन्हात. तो आला, हार झाले, मग काकानं थैलीत हात घालून चालू केलं.

"आधी सनई लई गोड लागली बघ. बाया गप झाल्या. अन् मधीच ते तुझं गाणं. तुझ्या बापाच्या तोंडात सनई, अन् बाहेर ते ढिनचाक. पोरं हासले. लक्ष्मणभाऊजी थैलीवर हात मारून राहिले, बंद होईना. सनई लागायची, की परत तेच गाणं."

"मग?"

"मग कोणीच हासंना."

गो. पायऱ्या उतरून खाली आला. बाबांच्या हातातून सनई घेतली. आमच्या तोंडाची वस्तू त्यानं कधी हातात घेतली नव्हती. उलटीसुलटी करून बघितली.

"मारोत्या, पत्ती कुठाय?"
बाबा म्हणाले, "लातूरला."
"काय?"
"वाजवणारी लातूरला गेली, मालक. सुपारी तिच्या हातात दिलती तुमी. मागल्या साली बी तिनंच वाजवलं. मी नुसता उभा व्हतो." अन् थांबून म्हणाले, "तवा देवी उठली व्हती का नव्हती?"

गो.ची म्हातारी आई सावलीत खुर्चीवर बसलेली. तिनं सुपारी चघळता चघळता म्हटलं, "उठली व्हती."

गो.नं आईकडं बघितलं. सनई बाबांच्या हातात परत दिली. म्हणाला, "नंतर बघू." मग काकाला म्हणाला, "वाजव." पालखी नुसत्या हलगीवर गेली.

"नंतर बघू" कसं म्हणाला, मी विचारलं. रागानं का?
माय म्हणाली, "साधंच. पावसाचं बोलतात तसं."

साधं बोलला म्हणूनच भीती वाटते.

१३ एप्रिल

सकाळी सोनीचा फोन, मॅडमच्या फोनवरून. तिला गावचं काही माहीत नव्हतं. मी बोललो नाही. आधी तिचं ऐकून घेतलं.

तिघं बसले होते ऐकायला. एक जण तरुण, पांढरा कुर्ता. त्यानं पहिलंच विचारलं, "रेकॉर्डिंग पाठवलेलं ते तूच वाजवलंस कशावरून?" मग, "आडनाव वाघमारे. वाघमारे म्हणजे?" मॅडम म्हणाल्या, "म्हणजे वाघमारे."

बसवलं हिला गादीवर. फुंकते तर श्वास पोटातच अडतो. विचारलं, उभी राहू का? पांढरा कुर्ता हसला. "वरात नाही ही." गुरुजी तोपर्यंत डोळे मिटून बसले होते. म्हणाले, "उभी राहा. आणि वाजवू काही नको. सूर धर."

"मी धरला भैया. मला वाटलं थोडा वेळ. चहा आला. त्यांनी पिला. कप उचलून नेले. गुरुजी उठून अंगणात गेले, कोणाशी तरी बोलत बसले. मी धरलेलाच. गाल जळून राहिले. पांढरा कुर्ता घड्याळ बघून राहिला. मग गुरुजी आत आले, म्हणाले, अजून आहेस होय. बस."

विचारलं, कोणाकडून शिकलीस.

"मी सांगितलं, वाजवणं बाबांकडून. सूर भैयाकडून."

मी फोन कानावरून खाली घेतला. ती हॅलो हॅलो करत होती.

गुरुजी म्हणाले राहा. आजपासूनच. राहणं त्यांच्याकडं, जेवणाच्या डब्याचे पैसे मात्र आपल्याला भरावे लागतील. पांढऱ्या कुर्त्यानं मॅडमला बाजूला घेऊन म्हटलं, आमच्याकडं चांगल्या घरची पोरं असतात, बघा तिला जमतंय का. मॅडमनी सोनीसमोर मला हे सांगितलं. लपवून काय करायचं म्हणाल्या.

मग मी गावचं सांगितलं. डीजेच्या गाण्यापर्यंत आलो तर तिला हसू आलं. पत्ती कुठाय लातूरला, इथपर्यंत आलो तर थांबली. म्हणाली, "बाबा असं बोलले? सगळ्यांसमोर?"
"हाव."
"मग आता?"
मला काय माहीत मग आता.

१५ एप्रिल

काल जयंती. इथं बीडचे दोघं हायत, त्यांनी खोलीत फोटोला हार घातला, खीर केली. मी पण उभा राहिलो. पण मन गावाकडं. गावात मिरवणूक निघाली असणार, यात्रेला लागूनच. काही झालं असतं तर?

काही झालं नाही. पण पलीकडच्या गल्लीतली बौद्ध पोरं मायला येऊन भेटली. "मावशी, घाबरू नका, आम्ही हाव." माय म्हणते तोपर्यंत ती घाबरली नव्हती.

१७ एप्रिल

माय ज्वारी घेऊन गिरणीवर गेली. गिरणीवाला म्हणाला, लाईट नाही.

मी विचारलं, खरंच नव्हती का? माय म्हणाली, "घरी येऊन बघितलं तर घरी बी नव्हती."
"मग खरंच नसंल."
"असंल."

१८ एप्रिल

आज गिरणी चालू होती. दळून दिलं. माय म्हणते पीठ नेहमीपेक्षा जाड आलं. आता त्याचा काय अर्थ काढायचा. दोघं फोनवर पिठाबद्दल बोलत बसलो.

बाबा रोज ओट्यावर बसतात म्हणे. आधी आत पडून असायचे. कोणी रस्त्यानं गेलं की रामराम घालतात. काही जण घेतात, काही जण फोनमध्ये बघतात. आधीपण फोनमध्येच बघत असतील. आम्ही आता मोजून राहिलो, एवढंच.

मुन्ना म्हणतो, तेरा बाप शेर है. शेर काय. शेराला नंतर त्याच गावात राहायचंय.

२० एप्रिल

सोनीला घरी यायचंय. कपडे घेऊन गेली नव्हती, दोन दिवसांसाठी गेली होती. बाबांना बघायचंय. मी म्हणालो येऊ नको. बाबा म्हणाले, "येऊ दे. माझी पोरगी चोर हाय का, मावशीकडं लपायला?" मी म्हणालो तुम्ही त्या दिवशी बोलायलाच नव्हतं पाहिजे. ते म्हणाले, "तू फोन करायला नव्हता पाहिजे."

खरं हाय. फोन कोणीच ठेवला नाही. खोकला पण आला नाही त्यांना.

मग एकदम म्हणाले, "सूर धरायला लावला म्हणे तिला. कप उचलून नेले तरी."
"हाव."
"तू कवाच इतका धरला न्हाईस."
"न्हाई."
"पण शिकवलास बरोबर."

पहिल्यांदा बोलले असं काही. मला वाटलं आता ठेवावा फोन, पुढं काही वेगळं बोलायच्या आत.

२२ एप्रिल

पॅकिंगला उभा होतो. गेटवरून निरोप, घरून फोन येऊन राहिला, तीन वेळा आला. घरून कधी तीन वेळा येत नाही. मुकादमाला न विचारता पळालो. हातमोजे पण काढले नाहीत.

माय. आवाज हळू, जसं कोणी ऐकतंय.

गो. येऊन गेला. आत्ताच. एकटा. बाबा नांदेडला गोळ्या आणायला गेलेले, माय एकटी. दारात उभा राहिला.

"काय म्हणून हाक मारली? मारोत्या का मारोती?"
"नावच घेतलं न्हाई. 'कोण हाय का घरात' म्हणला."
"मग?"
"मी बाहेर आले. म्हणला, पोरगी कवा येणार?"
"अजून?"
"एवढंच. मी म्हणले, ठरलं न्हाई. म्हणला, बरं. अन् उभाच राहिला."
"रागात होता?"
"न्हाई दिसला. पण त्यांचा राग दिसतो का कवा."
"हातात काय होतं?"
माय म्हणाली, "एक हात मागं होता बाळा. पाठीमागं. त्यात काय व्हतं दिसलं न्हाई."

सुपारी असंल. म्हातारीनं पाठवला असंल. किंवा नसंल. काकाला विचारलं, काका म्हणतो पुढल्या महिन्यात गो.च्या घरात लग्न हाय. मामाच्या भावाला विचारलं, तो म्हणतो कमिटीची बैठक परवा हाय. लग्न असलं की सनईची सुपारी, बैठक असली की आमचा निकाल. दोन्ही खरं हाय.

मुकादमानं आजची हजेरी मांडली नाही.

सोनीला काय सांगू. मॅडमच्या नंबरवर डब्याचे पैसे टाकायचे होतेच. पैसे पाठवताना खाली निरोप लिहायला जागा असते. "येऊ नको" लिहिलं. बाबांचं तोंड आठवलं, पुसलं. "ये" लिहिलं. किशनमामाचं कुलूप आठवलं, पुसलं. शेवटी काहीच लिहिलं नाही, नुसते पैसे पाठवले. पाच हजार आठशे.